येव काय?

आमच्या घरातून काजूच्या भाटल्यात, म्हणजे बागेत, जायची वाट शेजारच्या काकींच्या खळ्यातून, त्यांच्या अंगणातून होती. मधला दगडी गडगा जिथे थोडा खचला होता तिथे दोन चिरे पायरीसारखे टाकलेले होते. आई त्यांच्यावर पाय ठेवताना डोक्यावरची टोपली सावरायची आणि हाक द्यायची, ‘येव काय?’ हाक पुरी होईपर्यंत ती सारवलेल्या खळ्याच्या मधोमध पोचलेली असायची. आतून काकींचा आवाज यायचा, ‘जेवलंस काय गो?’ सकाळी न्याहारीच्या आधीसुद्धा हाच प्रश्न. ‘नाय गो वैनी, इतक्यात खंय,’ असं म्हणेपर्यंत आई पलीकडच्या फणसाखालून भाटल्यात उतरलेली असायची.

मी कोल्हापुरात शाळेत मराठी शिकवते. ‘येऊ का?’ हे प्रश्नार्थी वाक्य आहे असं मुलांना सांगते, आणि दरवेळी माझी जीभ जराशी अडखळते. ज्या प्रश्नाच्या उत्तरासाठी कुणी थांबतच नाही, तो प्रश्न कसला? आमच्याकडे माणूस निघताना ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतंय हां’ म्हणतो आणि निघून जातो. व्याकरणाच्या पुस्तकाने आमच्या गावात चार दिवस राहून बघावं.

त्या खळ्यात माझं निम्मं बालपण गेलं. काकी चुलीत फणसाच्या आठळ्या भाजायच्या आणि त्यांचा मुलगा आणि मी त्यावरून भांडायचो. तो माझ्याहून थोडा लहान. त्याला आमच्या घरची पेज जास्त आवडायची, काकींच्या हातची कमी, आणि हे तो काकींसमोरच सांगायचा. माझ्या आईला तो मावशी म्हणायचा. ताप आला की आईच्याच मांडीवर येऊन पडायचा. हे सगळं मी कोर्टात सांगायला तयार होते, पण कोर्टाला त्यातलं काही नको होतं.

कारण पुढे त्याच मुलाने ती वाट बंद केली. काकांनी हयातीतच घर आणि खळं त्याच्या नावावर केलं होतं. काका गेले, इकडे महामार्ग रुंद झाला, आमच्या कसालच्या बाजूला जमिनीचे भाव कुठल्या कुठे गेले, आणि त्याने पर्यटकांसाठी खोल्या बांधायचं मनावर घेतलं. पर्यटकांना सारवलेलं खळं हवं असतं, त्यातून काजूच्या बोंडवांची टोपली घेऊन जाणारी बाई नको असते. एके दिवशी गडग्याच्या खचलेल्या जागी लोखंडी गेट उभं राहिलं आणि त्याला कुलूप लागलं. आई टोपली घेऊन गेली आणि टोपली घेऊन परत आली.

दुसरी वाट होती, पण ती महामार्गावरून लांबचा वळसा घालून व्हाळाच्या, म्हणजे ओढ्याच्या काठाने जाणारी. पावसात तिथे भल्याभल्यांचे पाय घसरतात, आईचे तर गुडघे गेलेले. वाट गेली की भाटलं सुटणार, आणि भाटलं सुटलं की गावात एकटीने राहायला तिच्याकडे काही कारणच उरणार नाही. मग कोल्हापूरला माझ्याकडे यावं लागलं असतं. माझ्या फ्लॅटला ती ‘तुझो डबो’ म्हणायची. ‘माका डब्यात घालू नको,’ एवढंच ती म्हणाली, आणि आम्ही दावा लावला. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. शहाण्याच्या वाटेत कुलूप लावलं तर त्याने काय करावं, ते कुणी सांगत नाही.

आमचे वकील कुडाळचे, वयस्क, तोंडाने फटकळ आणि भजनाचे वेडे. त्यांनी पहिल्याच दिवशी समजावलं की वीस वर्षांहून जास्त काळ, उघडपणे आणि हक्काने वापरलेली वाट बंद करता येत नाही. पण वापर परवानगीने होत असेल तर तो हक्क नाही, ती मेहेरबानी. प्रतिवादीने म्हणजे काकींच्या मुलाने नेमकं तेच म्हटलं होतं. आम्ही यांना जाऊ देत होतो, आता देत नाही. कोर्टाने मुद्दे काढले तेव्हा परवानगी सिद्ध करायचं ओझं त्याच्यावर पडलं. वकीलसाहेबांना याचा फार आनंद झाला, मला तेव्हा त्यातलं काही कळलं नाही.

आईची साक्ष झाली त्या दिवशी ती नवं लुगडं नेसून आली होती. सरतपास, म्हणजे आमच्याच वकिलांचे प्रश्न, नीट पार पडला. मग प्रतिवादीच्या वकिलांनी उलटतपासात शुद्ध मराठीत अगदी गोड आवाजात विचारलं, ‘आजी, त्यांच्या अंगणातून तुम्ही न विचारता कधी गेलात का हो?’

आईला तो प्रश्न झोंबला. न विचारता म्हणजे काय? आपल्याला काय रीतभात नाही?

‘न इचारता कशी जातलंय?’ ती ताठ उभी राहून म्हणाली. ‘कधीच नाय.’

वकीलसाहेबांनी डोळे मिटले. समोरच्यांनी एकही प्रश्न पुढे विचारला नाही. बाहेर आल्यावर आईला वाटत होतं की आपण घराण्याची अब्रू राखली, आणि मला वाटत होतं की आपण आपल्याच पायावर धोंडा पाडून घेतला. मी तिच्यावर चिडले. तीही माझ्यावर चिडली. ‘मगे काय सांगूचा होता? की मी गुराढोरासारी घुसतंय?’ आमच्या मुलखातल्या दुसऱ्या कुठल्याही बाईने हेच सांगितलं असतं.

त्या दिवशी आमचा पुरावा संपला. पुरावा संपला की तसं लिहून द्यावं लागतं, त्याला पुरसिस म्हणतात. वकीलसाहेबांनी ती लिहिताना खाली एक ओळ वाढवली: परवानगीच्या मुद्द्यावर प्रत्युत्तरादाखल पुरावा देण्याचा हक्क राखून. मी विचारलं, हे काय? तेव्हा त्यांनी कोर्टाच्या व्हरांड्यातच डबलबारी, म्हणजे दोन भजनी बुवांची जुगलबंदी, सुरू केली.

‘तुम्ही डबलबारी ऐकलीय ना? पहिला बुवा आपली बारी म्हणतो आणि उठतो. मग दुसरा बसतो आणि पहिल्याला टोले देतो. आता पहिल्याला उत्तर द्यायचं असेल तर उठतानाच सांगावं लागतं, पेटी झाकू नका, मी परत बसणार आहे. न सांगता उठला तर दुसऱ्याची बारी संपल्यावर मंडप रिकामा. दिवाणी कायद्यात हेच आहे. ज्या मुद्द्याचं ओझं समोरच्यावर आहे, त्यावर आपण आत्ताच पुरावा द्यायचा किंवा राखून ठेवायचा. राखतो आहोत हे आपली बारी संपायच्या आत सांगायचं.’

‘मग परत बसल्यावर आपण सगळं सांगू,’ मी म्हटलं. ‘आठळ्या, पेज, त्याचा ताप.’

‘काही नाही सांगायचं. उत्तर फक्त त्याच एका मुद्द्याचं. पहिल्या बारीत गायचं राहिलेलं भजन दुसऱ्या बारीत म्हणता येत नाही.’

मला तो नियम फार कोरडा वाटला. आठवण एका मुद्द्यापुरती कशी काढायची? आजही मला ते जमत नाही, हे वाचणाऱ्याच्या लक्षात आलंच असेल.

मधली वर्षं वाट अडवू नये या मनाई हुकुमावर गेली. गेटचं कुलूप निघालं, आई ये-जा करू लागली, पण वकीलसाहेबांनी तिला सक्त ताकीद दिली होती. ‘त्या खळ्यात तोंडातून शब्द काढायचा नाही. तुम्ही “येव काय” म्हणालात की त्यांचा पुरावा तयार.’ आईने आयुष्यात प्रथमच त्या पायरीवर ओठ मिटून पाय ठेवला. सुट्टीत मी गावी गेले की मागून चालायचे, आणि मला ती शांतता सहन व्हायची नाही. चोरी करायला निघाल्यासारखं वाटायचं. काकी पडवीत कुळीथ निवडत बसलेल्या असायच्या. त्या मान वर करायच्या नाहीत. त्यांनाही मुलाने बजावलं असणार.

मग आईला खोकला सुरू झाला. घरात नाही, भाटल्यातही नाही, फक्त त्या दोन चिऱ्यांवर. मी काळजीने डॉक्टरकडे जाऊया म्हटलं तर ती माझ्याकडे बघून हसली. आणि थोड्या दिवसांनी माझ्या लक्षात आलं की आई खोकली की आत काकींच्या हातून हमखास एखादं झाकण पडतं. खोकला, आणि झाकण. एकीने विचारलं, दुसरीने जेवलंस काय म्हटलं. कायद्याने शब्दांना बंदी होती, भांड्यांना नव्हती. मला त्या दोघींचा इतका अभिमान वाटला की मी हे वकीलसाहेबांनासुद्धा सांगितलं नाही.

प्रतिवादीची बारी आली. तो पिंजऱ्यात उभा राहिला, इस्त्रीचा शर्ट, ऑफिसात बोलतात तसं मराठी. घरी तो कधी असं बोलत नाही. त्याने सांगितलं आणि ते उतरवलं गेलं: वादी दररोज ‘मी येऊ का’ असे विचारून माझ्या आईवडिलांची परवानगी घेत असे व परवानगी मिळाल्यावर जात असे. मी मागच्या बाकावर बसून ऐकत होते. ‘येव काय’चं ‘मी येऊ का’ झालं तिथेच अर्धा दावा गेला, असं मला वाटलं. शब्द खोटा नव्हता. पण त्यातली टोपली गेली, पायरी गेली, आतला आवाज गेला, आणि उरलं ते एखाद्या कचेरीच्या दारात हात जोडून उभं राहिलेलं वाक्य. मला त्याचा इतका राग आला की आठळ्यांवरून त्याला मारलेल्या चापट्या कमी पडल्या असं वाटलं.

आता आमचं उत्तर. कोणाला उभं करायचं? वकीलसाहेब गावातल्या एखाद्या जाणत्या माणसाचं नाव शोधत होते. आई म्हणाली, ‘वैनीक बोलवा.’

वकीलसाहेबांना वाटलं आपण चुकीचं ऐकलं. प्रतिवादीची आई? आमची साक्षीदार? आपल्या साक्षीदाराला उलट प्रश्न विचारता येत नाहीत, त्या ‘हो, परवानगी देत होतो’ म्हणाल्या की खेळ खलास, निकालाची वाटसुद्धा बघायला नको. त्यांनी हे तीनतीनदा समजावलं. मीही समजावलं. पोटच्या पोराविरुद्ध कोण बोलेल? ती म्हातारी त्याच्याच घरात राहते, त्याच्याच हातचं खाते.

‘ती तेच्या विरुद्ध बोलाची नाय,’ आई म्हणाली. ‘माझ्या बाजून पण बोलाची नाय. काय होता ता सांगतली.’

आई स्वतः जाऊन काकींना बोलावणं करणार होती, तेही वकीलसाहेबांनी करू दिलं नाही. समन्स निघालं. समोरच्या वकिलांनी कडाडून हरकत घेतली, की वादीची स्वतःची कबुली आहे, आता ही पोकळी भरण्याची धडपड आहे. न्यायाधीशबाई घाटावरच्या होत्या, मितभाषी. त्यांनी पुरसिसमधली ती ओळ वाचली, हक्क वेळेवर राखलेला आहे म्हणाल्या, आणि साक्षीला परवानगी दिली, फक्त त्या एका मुद्द्यापुरती.

काकी आल्या. मुलानेच त्यांना गाडीतून आणलं होतं, कारण दुसरं कोण आणणार? त्यांनी पिंजऱ्याच्या कठड्याला धरलं, कोर्टभर नजर फिरवली आणि आईला बघून मान हलवली.

‘कोर्टाचा बोलावणा इला म्हणान इलंय,’ त्या आपणहून म्हणाल्या. ‘शेजारणीन बोलावल्यान असता तर आदीच इलंय असतंय.’

आमच्या वकिलांनी विचारलं, ‘वादी तुमच्या खळ्यातून जाताना काय म्हणत असे?’

‘येव काय, म्हणी.’

‘तुम्ही काय उत्तर देत होता?’

‘काय देतलंय? जेवलंस काय, म्हणान इचारतंय.’

‘“ये” असं कधी सांगितलंत का?’

काकींनी त्यांच्याकडे असं पाहिलं, जणू प्रश्न फारच अडाणी आहे. ‘ती इलेली आसता. इलेल्या माणसाक ये कित्याक सांगूचा?’

न्यायाधीशबाईंनी लिहून घेणाऱ्याला थांबवलं. ‘हे त्यांच्या शब्दांतच घ्या,’ त्या म्हणाल्या. ‘बदलू नका.’ मला त्या क्षणी उठून त्यांचे पाय धरावेसे वाटले.

मग समोरच्या वकिलांचा उलटतपास. ‘पण आजी, येऊ का विचारणं म्हणजे परवानगी मागणंच ना?’

‘व्हाळात उतरतंना मी थंयच्या देवाक, राखणदाराक येव काय म्हणतंय. व्हाळ काय माझ्या झिलाचो?’ त्या मुलाकडे हात करून म्हणाल्या.

कुणीतरी मागे हसलं. वकील हसले नाहीत. त्यांनी मग शेवटचा प्रश्न विचारला, आणि तो खरंच हुशार होता. ‘समजा तुम्ही एखाद्या दिवशी “नको येऊ” म्हणाला असता, तर त्या थांबल्या असत्या की नाही?’

काकींनी आधी मुलाकडे पाहिलं, मग आईकडे. आईने माझा हात घट्ट धरला होता. हो म्हटलं तर परवानगी, नाही म्हटलं तर आई उद्धट. मला वाटलं, संपलं.

‘थांबली असती,’ काकी म्हणाल्या. वकिलांनी लगेच मान डोलावली. पण काकींचं झालं नव्हतं. ‘थांबली असती, आणि माका काय झाला ता बघूक घरात इली असती.’

यानंतर त्यांना कुणी काही विचारलं नाही. त्या पिंजऱ्यातून उतरल्या, आमच्या बाकाजवळून गेल्या, आणि आई कोर्टात खोकली. काकींकडे तिथे झाकण नव्हतं. त्यांनी हातातली काठी फरशीवर हलकेच आपटली. मुलगा त्यांना धरून गाडीकडे घेऊन गेला. गाडीत त्यांचं काय बोलणं झालं ते मला माहीत नाही. गावात म्हणत की त्या रात्री दोघं जेवली नाहीत. गावाला कसं कळलं कोण जाणे.

निकाल लांबला, आणि त्या पावसात काकी गेल्या. आई शेवटच्या दर्शनाला गेली तेव्हा गेट सताड उघडं होतं. माणसांची ये-जा होती, कुणीच काही विचारत नव्हतं, आणि आईही न बोलता आत गेली आणि न बोलता परत आली. रडली ती घरी येऊन, चुलीपुढे. ‘इतकी वर्सा नुसती खोकत रवलंय,’ असं म्हणत राहिली. मी तिला सांगितलं, काकींना कळत होतं. ती म्हणाली, ‘ता म्हायत आसा माका. पण बोलाचा रवला मां?’

काजूला बोंडू धरले तेव्हा निकाल लागला. वाटेवर आईचा हक्क शाबीत झाला, गेट काढून टाकायचा हुकूम झाला. निकालपत्रात काकींचं ‘इलेल्या माणसाक ये कित्याक सांगूचा’ हे वाक्य जसंच्या तसं होतं, मालवणीत. वकीलसाहेब फोनवर म्हणाले, ‘आजींना सांगा, आता कुणाला काही विचारायची गरज नाही.’ मी सांगितलं. आई फक्त ‘बरा’ म्हणाली. राहायचं ठिकाण वाचलं होतं, पण जिंकल्यासारखी काही ती दिसेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही दोघी भाटल्यात निघालो. गेट रातोरात काढलेलं होतं. पडवीत काकींचा मुलगा एकटा बसला होता, दाढी वाढलेली. खोल्यांचं बांधकाम अर्धवटच होतं. आईने चिऱ्यावर पाय ठेवला, टोपली सावरली, आणि इतक्या वर्षांनी पहिल्यांदा मोठ्याने म्हणाली, ‘येव काय?’

आणि ती थांबली. आयुष्यभरात त्या पायरीवर ती कधी उत्तरासाठी थांबली नव्हती. आतून आवाज येणार नाही हे तिला माहीत होतं, तरी एक पाय चिऱ्यावर ठेवून ती तशीच उभी राहिली. मीही मागे उभी राहिले.

तो उठला. पडवीच्या कडेपर्यंत आला. शेवटी म्हणाला, ‘ये गो मावशी.’

आई खाली मान घालून खळं ओलांडून गेली. मी त्याच्याकडे बघितलंही नाही. माझा संताप झाला होता. निकाल लागल्यावरही याची परवानगी द्यायची हौस गेली नाही, असं मी भाटल्यात पोचल्यावर म्हटलं. आई बोंडू गोळा करत होती. तिने वर न बघता सांगितलं, ‘तसा नाय गो. तेका म्हायत नाय काय म्हणूचा ता. तेच्या आवशीन, वैनीन म्हणाचा, तो आयकत रवाचो.’

टोपली भरल्यावर आम्ही परत आलो. तो पडवीत तसाच बसला होता. आई खळ्याच्या मधोमध आली, थांबली, आणि त्याच्याकडे बघून म्हणाली, ‘जेवलंस काय रे?’

त्याने मान हलवली. मग म्हणाला, ‘नाय गो. अजून खंय.’

आईने टोपली माझ्या हातात दिली. हुकूमनाम्यात वाट खळ्यापुरतीच आहे, त्यांच्या स्वयंपाकघराचा त्यात कुठे उल्लेख नाही. आई पडवीची पायरी चढून आत गेली आणि थोड्या वेळाने आतून झाकणांचा आवाज येऊ लागला.